मोंढ्यातली खानावळ

जालन्याच्या नव्या मोंढ्यात, अडत दुकानांची रांग जेथे संपते आणि दुपारच्या उन्हात हमालांच्या हातगाड्या जेथे विसावतात, तेथे पत्र्याच्या छपराखाली एक खानावळ आहे. तिला पाटी नाही, आणि तिची गरजही कोणाला कधी भासलेली नाही. बियाण्यांच्या संशोधनात माझी चाळीस वर्षे गेली आणि त्यांतील असंख्य दुपारी मी या खानावळीच्या बाकावर काढल्या; ज्वारीच्या दोन भाकरी, पिठले किंवा तुरीचे वरण, कधी भेंडी तर कधी चवळीची उसळ, वाटीभर चिंचेचे सार, फोडलेला कांदा आणि ताटाच्या कडेला चिमूटभर कारळ्याची चटणी, एवढाच त्या ताटाचा बारमाही सरंजाम. आफ्रिका व आशिया या दोन खंडांतून देशोदेशी पांगलेल्या लोकांच्या पाककृती एकाच छपराखाली मांडणारी उपाहारगृहे मोठमोठ्या शहरांत निघत आहेत असे अलीकडे ऐकतो, आणि ऐकताना दरवेळी मला आमची ही खानावळ आठवते. कारण वनस्पतींच्या वंशावळीचे दप्तर माझ्यापुढे आयुष्यभर उघडे राहिल्यामुळे त्या ताटातील कोण कोठून आले हे मला दिसते, आणि दिसल्यावर ते सांगितल्यावाचून राहवत नाही.

ज्वारीपासूनच आरंभ करतो. शाळूचे पीक डोलताना पाहिले की हे धान्य याच काळ्या मातीतून उगवले असावे असे कोणालाही वाटेल. परंतु तिचे माहेर पूर्व सुदानात आहे. तेथे कसाला शहराच्या परिसरातील एका प्राचीन वस्तीच्या खापरांत, माती मळताना मिसळलेल्या ज्वारीच्या तुसांचे ठसे सापडले असून, माणसाने लागवडीखाली आणलेल्या ज्वारीचा पाच हजार वर्षांहून जुना असा तो पुरावा आहे. बाजरी सहाराच्या दक्षिण कडेवरची, मालीच्या उत्तरेकडील कोरड्या खोऱ्यांतली; नाचणी पूर्व आफ्रिकेच्या डोंगरांतली; चवळीही आफ्रिकेचीच. सुमारे चार हजार वर्षांपूर्वी ही धान्ये आपल्या पश्चिम किनाऱ्याकडे येऊ लागली. ती कोणी आणली याची नोंद कोणत्याही बखरीत नाही. राजांच्या स्वाऱ्यांची हकीकत शिलालेखांत कोरली गेली, परंतु ज्या कोळ्याने वा खलाशाने शिधा म्हणून बांधलेल्या गाठोड्यातील मूठभर दाणे परक्या किनाऱ्यावर पेरून पाहिले, त्याच्या नावाने एक वीरगळही उभा नाही. आणि आज अर्धा महाराष्ट्र ज्याच्यावर पोसला तो उपकार मात्र त्याचाच आहे.

दाणा आला तरी अन्न आले नाही, ते येथे घडवावे लागले. गव्हाच्या पिठात जो चिकटा असतो तो ज्वारीच्या पिठात नसतो. म्हणून सुदानातील गृहिणी ते पीठ भिजवून आंबवते आणि तापल्या पत्र्यावर त्याचा कागदासारखा पातळ थर पसरून किस्रा नावाची पोळी काढते. आमच्याकडच्या कोणा आद्य सुगरणीने मात्र निराळा मार्ग शोधला. मोंढ्यातील ही खानावळ चालविणाऱ्या मावशी परातीत पिठाचे आळे करून त्यात उकळते पाणी ओततात, तेव्हा पिष्टाचे कण फुगून एकमेकांस धरतात आणि जे काम चिकट्याने करावयाचे ते उष्णता करते. मग तळहाताच्या टाचेने रेटून रेटून मळलेला गोळा पिठावर ठेवून त्या थापू लागतात, आणि थापता थापता भाकरी आपोआप फिरत जाते. तव्यावर पडताच तिच्या वरच्या अंगाला पाण्याचा हात फिरतो, पाणी सुकण्याच्या बेताला ती उलटते, आणि अखेरीस निखाऱ्यांशी टेकताच टम्म फुगून पापुद्रा सोडते. पीठ चार दिवसांचे असले की त्याची विरी जाते आणि भाकरी कडेने फाटते, हे मावशी बोटांच्या टोकांनी ओळखतात. आमच्या प्रयोगशाळेत त्यासाठी यंत्रे होती, परंतु त्यांच्या बोटांचा निर्णय यंत्राने फिरविल्याचे मला स्मरत नाही.

येथे माझ्या पेशाची एक चूक कबूल केली पाहिजे. १९६४ साली सीएसएच-१ ही देशातील पहिली संकरित ज्वारी आली आणि आम्ही बियाण्यांच्या क्षेत्रातील माणसे उत्पादनाच्या आकड्यांनी भारून गेलो. टंचाईच्या दिवसांत त्या आकड्यांनी माणसे जगविली हे सत्य आहे, आणि त्याचा मला अभिमान आहे. परंतु खरिपाच्या त्या ज्वारीचे कणीस ऐन पक्वतेच्या वेळी पावसात सापडून काळे पडे, ताटे बुटकी असल्याने कडब्याची तूट येई, आणि भाकरीला चव नाही ही तक्रार तर घरोघरी होती. मावशींच्या सासूबाई, ज्यांनी ही खानावळ प्रथम चालविली, त्यांनी एकदा माझ्यासमोर हायब्रीडचे पीठ परातीत घेऊन परत गोणीत टाकले आणि म्हणाल्या, "साहेब, तुम्ही पोतं मोजलं, भाकर नाही मोजली." त्या वाक्याने मला पुढील अनेक वर्षे दिशा दिली. सोलापूर जिल्ह्यातील मोहोळच्या केंद्रावर गेल्या शतकाच्या पूर्वार्धात निवडलेली मालदांडी, म्हणजेच एम ३५-१, एवढी संकरित वाणे येऊनही रब्बीत आपले आसन का सोडीत नाही, याचे उत्तर कृषिशास्त्राच्या ग्रंथांइतकेच त्या परातीतही होते.

भेंडीच्या जन्मस्थानाविषयी विद्वानांत अद्याप वाद आहे, आणि अनेकांचा कल आफ्रिकेकडे आहे. परंतु तिच्या जालन्यातील कामगिरीविषयी वाद नाही. बद्रीनारायण बारवाले यांनी १९६४ साली महिको या बियाणे कंपनीची स्थापना केली त्यापूर्वीच, शिरा पिवळ्या करणाऱ्या रोगाला दाद न देणाऱ्या 'पुसा सावनी' भेंडीच्या बियाण्यापासून त्यांच्या उद्योगाचा आरंभ झाला होता, आणि १९९८ साली त्यांना जागतिक अन्न पुरस्कार मिळाला तेव्हा या गावाचे नाव जगभर गेले.

चिंच आणि मोसंबी यांची हकीकत मात्र मला विशेष प्रिय आहे. चिंच हा मूळचा आफ्रिकेचा वृक्ष. तो आपल्याकडे इतक्या प्राचीन काळी रुजला की अरबांनी त्याच्या फळाला 'तमर हिंदी', हिंदचा खजूर, असे नाव दिले आणि पाश्चात्त्य भाषांनी तेच उचलले. मोसंबी याच्या नेमकी उलट. ती आशियाची लेक, पपनस आणि संत्रे यांच्या संकरातून चीनच्या दक्षिणेकडील टापूत जन्मलेली. परंतु मराठीत तिचे नाव पडले ते आफ्रिकेच्या मोझांबिकवरून असे मानतात, बहुधा पोर्तुगीजांच्या गलबतांच्या मुक्कामामुळे. आफ्रिकेच्या झाडाला हिंदचे नाव आणि आशियाच्या फळाला आफ्रिकेचे! जालन्याच्या मोसंबीला २०१६ साली भौगोलिक मानांकनाची सनद मिळाली, तेव्हा अंबडच्या एका बागाईतदार मित्राने मला पेढे दिले. त्याच मित्राने २०१२-१३ च्या दुष्काळात, टँकरने पाणी घालूनही न वाचलेली आपल्या हाताने लावलेली झाडे तोडली होती, आणि त्या दिवशी बांधावर बसून तो माझ्याशी एक शब्दही बोलू शकला नव्हता.

तूर तर येथून तिकडे गेली. तिचे मूळ भारतातले. पूर्व आफ्रिकेत ती रुजली, मालावी, टांझानिया, मोझांबिक येथील शेतकऱ्यांनी ती आपली केली, आणि २०१६ साली भारत सरकारने मोझांबिकशी तूर खरेदीचा करार केला. आमच्याच जिल्ह्यातील बदनापूरच्या केंद्राने तुरीची नामांकित वाणे दिली असली तरी, मोंढ्यातील वरणाच्या वाटीत कधी कधी मोझांबिकच्या शेतातली डाळ असते. लेक सासरी गेली आणि अडचणीच्या वर्षी तिनेच माहेरी धान्य धाडले, असे माझ्या मनात येते.

दाण्यांप्रमाणे माणसेही आली. हबसाणात, म्हणजे आजच्या इथिओपियात, जन्मलेला, बालपणीच गुलाम म्हणून विकला गेलेला आणि निजामशाहीचा सर्वाधिकारी झालेला मलिक अंबर याने १६१० साली खडकी वसविली, जमीनमहसुलाची घडी बसविली. आणि १६१६ साली मोगलांशी त्याची मोठी लढाई झाली ती आमच्या जालन्याजवळच्या रोषणगावी. त्याच्या मुदपाकखान्यात काय शिजत असे हे सांगणारा कागद माझ्या पाहण्यात नाही, आणि कारळे त्याच्या हबशी स्वारांनी आणले अशी रम्य कथा मी रचणार नाही, कारण ते बी त्यांच्या कितीतरी आधी येथे पोहोचलेले होते. परंतु आपल्या मायदेशाचे धान्य आणि आपल्या मायदेशाचे तेलबी या परक्या मुलखात शेतोशेती उभे असलेले त्याने घोड्यावरून पाहिले असेल, याचा विचार मनात आला की मी थबकतो. पुढे हैदराबादच्या निजामाच्या अंमलात येमेनमधील हद्रमौतहून अरब शिपाई आले. त्यांचे वंशज चाऊस म्हणून मराठवाड्यात गावोगाव नांदत आहेत, आणि गहू व मांस तासन्‌तास घोटून केलेला त्यांचा हरीसा दख्खनी मसाल्यांत न्हाऊन हलीम झाला. रमजानच्या संध्याकाळी जुन्या जालन्यात त्या घोटण्याचा आवाज ऐकू येतो, तो मावशींच्या भाकरी थापण्याच्या आवाजाचा सख्खा भाऊ वाटावा असा.

बियांचा हा प्रवास संपलेला नाही. टोगो देशाच्या उत्तरेकडील स्थानिक बाजरीच्या बियाण्यातून पाटणचेरू येथील इक्रिसॅट संस्थेत आयसीटीपी ८२०३ हे वाण तयार झाले, महाराष्ट्रात ते मान्य झाले, आणि त्यातूनच लोहाचे प्रमाण अधिक असलेली 'धनशक्ती' बाजरी २०१२ साली शेतकऱ्यांच्या हाती आली. आमच्या भागात गोसावी रोगाने कणसाच्या जागी नुसत्या पानांच्या जटा झालेली बाजरी मी पुष्कळ पाहिली आहे. तेव्हा टोगोच्या त्या ठेंगण्या, जाड कणसांच्या बाजरीचा निरोगी ताटवा प्रथम पाहिला त्या सकाळी, ज्यांची भाषा मी कधी ऐकलेली नाही अशा शेतकऱ्यांविषयी कृतज्ञतेने माझे मन भरून आले.

या साऱ्याचा प्रत्यय मला ज्या दिवशी आला त्याविषयी लिहून थांबतो. काही वर्षांपूर्वी, पौषातील एका शुक्रवारी, बीजोत्पादनाचे शिक्षण घेण्यासाठी आलेल्या इथिओपियाच्या एका तरुणास मी जिल्हा दाखवीत होतो. त्याच्या ख्रिस्ती संप्रदायात बुधवारी आणि शुक्रवारी मांस, अंडी, दूध, लोणी वर्ज्य असून तो दुपारी तीनपर्यंत काही खात नव्हता. म्हणून तीन वाजता, गर्दी ओसरल्यावर, मी त्यास मावशींच्या खानावळीत नेले. उपवास म्हणताच मावशींनी भगर टाकण्याची तयारी केली, आणि त्यास भाकरीच चालते हे ऐकून त्या विस्मयाने म्हणाल्या, "उपास आहे म्हणता, मग भाकर कशी चालंल यांना? अन् दही का नको?" मी समजावून सांगितले. त्यांनी थोडा विचार केला आणि म्हणाल्या, "ज्याचा त्याचा देव. पाव्हणा उपाशी जाऊ नये, एवढंच."

पिठले पाहून तो हसला. हरभऱ्याच्या पिठाचा असाच रस्सा त्यांच्याकडे करतात आणि त्यास शिरो म्हणतात. मग त्याने चटणी बोटावर घेतली. क्षणभर तो काही बोलला नाही. भाजलेल्या कारळ्यांचा तो काळसर, तेलकट, किंचित कडवट वास त्याने पुन्हा घेतला आणि म्हणाला, "नूग." ज्या बियांस वनस्पतिशास्त्राने नावातच अबिसिनियाची, म्हणजे त्याच्याच देशाची, खूण दिली, ज्यांच्या तेलात त्याच्या आईचा उपवासाचा स्वयंपाक होतो, त्याच या बिया; फक्त त्यांत लसूण, मिरची आणि मीठ कुटण्याची रीत त्याने पाहिली नव्हती. मावशींनी डब्यातून मूठभर कोरे कारळे आणून त्याच्या तळहातावर ओतले, आणि ते बारीक, चकचकीत काळे दाणे तो बोटाने सारून पाहत राहिला.

त्यांच्याकडे आदराच्या माणसास आपल्या हाताने घास भरविण्याची चाल आहे. तिला गुर्शा म्हणतात. त्याने भाकरीच्या तुकड्यात पिठले आणि चटणी गुंडाळून तो घास माझ्या मुखात दिला, आणि दुसरा घास करून, उठून, संकोचाने चुलीपाशी गेला. मावशींनी पदर सावरला, हातातले पीठ झटकले आणि मान पुढे केली.

निघताना त्यांनी कारळ्यांची पुरचुंडी बांधून त्याच्यापुढे धरली. मला मध्ये पडावे लागले. परवान्यावाचून, वनस्पतींच्या आरोग्याच्या दाखल्यावाचून, बियाणे देशाबाहेर नेता येत नाही, आणि हा नियम मी स्वतः विद्यार्थ्यांना वर्षानुवर्षे शिकविलेला आहे. मावशींनी ऐकून घेतले. मग त्यांनी पुरचुंडी सोडली, कारळे तव्यावर टाकले, तडतडू लागेपर्यंत भाजले, आणि खलबत्ता पुढे ओढून कुटू लागल्या.