घर आपलं, वर्षं कोणाची?

गेल्या महिन्यात रविवारची वंदना झाल्यावर विहारात एक तरुण कार्यकर्ता आमच्याजवळ येऊन बसला. हातातल्या पिशवीत दहा लाखांच्या गृहकर्जाचं मंजुरीपत्र होतं. त्याचा एकच प्रश्न होता, "महिन्याला ८,०४६ रुपये हप्ता आहे. जमतंय ना?" आम्ही मुदत विचारली. "ते नाही पाहिलं," तो म्हणाला. आम्ही कागद उघडून पाहिलं. व्याज ९ टक्के, मुदत ३० वर्षं. पोरगा आज २६ वर्षांचा आहे. म्हणजे त्याचं घर त्याच्या ५६ व्या वर्षी त्याचं होणार, आणि तोवर दहा लाखांचे जवळजवळ २९ लाख भरून झालेले असणार.

मित्रहो, आम्ही त्याला नावं ठेवली नाहीत. कारण २०१६ साली आम्हीसुद्धा फक्त हप्ताच विचारला होता. तो अनुभव आज सविस्तर मांडतो आहोत. घरातल्या पैशाच्या गोष्टी चारचौघांत सांगायच्या नसतात असं म्हणतात, पण आपण सांगत नाही म्हणूनच पुढचा माणूस त्याच खड्ड्यात पडतो.

आधी एक गोष्ट स्पष्ट करू. कर्ज काढू नका, घर बांधू नका, असं आम्ही मुळीच म्हणत नाही. आमचे आजोबा उमरी तालुक्यातल्या एका गावात सालगडी होते. पाडव्याला उचल घ्यायची आणि पुढच्या पाडव्यापर्यंत राबायचं. उचल फिटली नाही तर पुढचं साल त्याच वाड्यावर. घर गावाच्या कडेला, कुडाच्या भिंतींचं. १९७८ साली नामांतराच्या ठरावानंतर मराठवाड्यात आपल्या वस्त्या जाळल्या गेल्या. नांदेड जिल्ह्यात पोचीराम कांबळे शहीद झाले. त्या दिवसांत लेकरं घेऊन पिकात लपून काढलेल्या रात्री आमची आजी मरेपर्यंत सांगायची. आमच्या वडिलांना स्लॅबचं घर का हवं होतं, हे ज्याला हा इतिहास माहीत आहे त्याला वेगळं सांगावं लागत नाही. त्यांना पेटणार नाही असं घर हवं होतं. बाजारात घर ही गुंतवणूक असेल, आपल्यासाठी ती सुरक्षितता आहे आणि इज्जतही आहे.

नेमकी हीच भूक कर्ज विकणाऱ्याला ओळखता येते.

वडील मोंढ्यात हमाली करायचे. हमालाला पगाराची स्लिप नसते. आम्ही एका सामाजिक संस्थेत मानधनावर होतो, आई शिलाई करायची. उमरीत गुंठेवारीतला छोटा प्लॉट वडिलांनी पै पै साठवून घेतला होता. आम्ही एका बँकेत गेलो. तिथे पगारपत्रक नाही, प्लॉटचे कागद पूर्ण नाहीत म्हणून परत पाठवलं. मग एका गृहवित्त कंपनीचा माणूस घरी आला. गोड बोलणारा होता. वडिलांना म्हणाला, "मामा, महिन्याचं कशाला बघता? रोजचे चारशे रुपये बी पडत नाहीत." दहा लाख, २० वर्षं, १३ टक्के. हप्ता ११,७१६ रुपये. चाळीसेक ठिकाणी सह्या झाल्या, सगळा कागद इंग्रजीत. आजोबांनी सावकाराच्या वहीवर अंगठा उठवला होता. आम्ही समाजशास्त्रात एमए करूनही न वाचता सही केली. सांगा, फरक काय राहिला?

हातात दहा लाख आलेच नाहीत. १५ हजार प्रोसेसिंग फी कापली. ४२ हजारांचा विमा कर्जातच घातला. विमा असणं वाईट नाही, कमावता माणूस गेला तर घर वाचतं. पण कर्जात मिसळलेल्या विम्यावरही २० वर्षं व्याज चढतं. त्या ४२ हजारांचे १३ टक्क्यांनी १ लाख १८ हजार होतात. हे आम्हाला कोणी सांगितलं नाही, आणि आम्हीही विचारलं नाही.

सहा वर्षं एकही हप्ता चुकवला नाही. २०२२ च्या सुरुवातीला आम्ही पहिल्यांदा कर्जाचा उतारा मागितला. तोवर आम्ही ८ लाख ४३ हजार रुपये भरले होते. आणि बाकी? ९ लाख ४ हजार. म्हणजे सहा वर्षांत मूळ कर्ज कमी झालं ते ९५ हजारांनी. वडिलांना वाटलं कंपनीने फसवलं. त्यांनी तो कागद दोनदा उलटून पाहिला आणि म्हणाले, "मग एवढ्या दिस भरलं ते कुठं गेलं?"

हिशोबात फसवणूक नव्हती, हेच जास्त वाईट आहे. समान मासिक हप्त्याचं गणितच तसं असतं. दर महिन्याला आधी बाकी रकमेवरचं व्याज कापलं जातं, उरेल ते मुद्दलात जातं. पहिल्या महिन्यात बाकी दहा लाख, त्यावर १३ टक्क्यांनी महिन्याचं व्याज १०,८३३ रुपये. ११,७१६ मधून ते वजा केलं की मुद्दलात गेले फक्त ८८३ रुपये. मुद्दल हलत नाही म्हणून व्याज कमी होत नाही, आणि व्याज कमी होत नाही म्हणून मुद्दल हलत नाही. कर्ज खऱ्या अर्थाने फिटायला लागतं ते शेवटच्या काही वर्षांत. कमी दरातही हेच होतं. दहा लाख ९ टक्क्यांनी २० वर्षांसाठी घेतले तर १० वर्षांत १० लाख ८० हजार भरूनही ७ लाख १० हजार शिल्लक राहतात.

आता खरा प्रश्न. एकाच रकमेला एकाला ९ टक्के आणि दुसऱ्याला १३ टक्के का? ज्याच्याकडे सरकारी पगार आणि निर्वेध कागद आहेत, तो दहा लाखांचे २१ लाख ५९ हजार भरतो. ज्याच्याकडे ते नाहीत, तो तेवढ्याच दहा लाखांचे २८ लाख ११ हजार भरतो. साडेसहा लाखांचा फरक. बँक म्हणेल, आम्ही जात विचारत नाही, जोखीम पाहतो. मान्य.  पण पिढ्यान्‌पिढ्या जमीन कोणाला मिळाली नाही? गायरानावर, गुंठेवारीत, कागद नसलेल्या जागेवर कोणाच्या वस्त्या आहेत? स्लिप नसलेल्या कामात कोण आहे? जात कागदाच्या आडून येते आणि व्याजदर होऊन बसते. ज्याच्याकडे कमी आहे त्यालाच घर महाग पडतं.

दोन दरांमधला महिन्याचा फरक होतो २,७१८ रुपये. ही रक्कम आम्ही विसरू शकत नाही. २०१८ मध्ये आमचा धाकटा भाऊ बारावी झाला. त्याला फार्मसीला जायचं होतं. फी शिष्यवृत्तीतून निघाली असती. अडलं ते खोलीचं भाडं आणि मेसच्या पैशांवर. मेस साधारण अडीच हजारांची होती. वडील म्हणाले, औंदा हप्ता, पुढल्या साली बघू. ते पुढलं साल आलं नाही. आज तो नांदेडला मोबाईलच्या दुकानात काम करतो. कष्टाळू आहे, तक्रार करत नाही. स्वाधार योजना तेव्हा सुरू झालेली होती, पण ती आम्हाला माहीतच नव्हती. लोकांचे अर्ज भरून देणारे आम्ही, आणि आमच्याच घरात ही स्थिती! तेव्हा गृहकर्जाची खरी किंमत कोणी विचारली तर आम्ही २८ लाख सांगत नाही. आम्ही भावाचं न झालेलं शिक्षण सांगतो.

काही जण म्हणतात, एवढं काय त्यात, महागाईने हप्ता हलका होत जातो आणि घराची किंमत वाढते. ज्याला दरवर्षी वेतनवाढ आणि महागाई भत्ता आहे त्याच्यासाठी हे खरं आहे. हमालाची मजुरी वाढते, पण तिच्याआधी त्याची पाठ झुकते. आणि वस्तीतल्या घराला बाहेरचा गिऱ्हाईक मिळत नाही, हे आपण सगळे जाणतो. ते घर राहण्यासाठी असतं, विकण्यासाठी नसतं. मग वाढलेली किंमत खायची कशी?

२०२१ मध्ये बहीण सरकारी दवाखान्यात परिचारिका म्हणून लागली. तोवर प्लॉटचे कागदही नियमित करून घेतले होते. बहिणीची पगाराची स्लिप जोडून मार्च २०२२ मध्ये आम्ही ९ लाख ५ हजारांचं कर्ज एका बँकेत हलवलं. दर ७ टक्के, मुदत १५ वर्षं, हप्ता ८,१३४. हप्ता साडेतीन हजारांनी उतरला. घरात गोडाचं जेवण झालं.

पण धडा अजून अपुरा होता. हा दर रेपो दराला बांधलेला होता. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो ४ वरून साडेसहा टक्क्यांवर नेला. आमचा दर साडेनऊ झाला, हप्ता मात्र तोच राहिला. आम्ही खुश होतो. यावेळी मात्र दरवर्षी उतारा काढायची सवय लागली होती, म्हणून कळलं. हप्ता न वाढवता बँकेने मुदत वाढवली होती. उरलेली १४ वर्षं जवळजवळ २० वर्षं झाली होती. आम्ही अर्ज देऊन हप्ता साधारण साडेबाराशे रुपयांनी वाढवून घेतला आणि मुदत परत १४ वर्षांवर आणली. त्या एका अर्जाने साडेतीन लाखांच्या आसपास वाचतात. पुढे ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने नियमच केला की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे कर्जदाराला विचारावं लागेल. नियम आहे, पण मागणारा हवा.

आपण बाबासाहेबांच्या फोटोखाली 'अर्थतज्ज्ञ' असं अभिमानाने लिहितो. १९२३ साली रुपयाच्या प्रश्नावर ग्रंथ लिहिणारा, हिल्टन यंग आयोगापुढे चलनाबद्दल साक्ष देणारा आपला बाप. त्यांनीही कर्ज घेतलं होतं. १९२० मध्ये लंडनचं अपुरं शिक्षण पुरं करायला निघताना मित्र नवल भथेना यांच्याकडून पाच हजार रुपये घेतले. ते कर्ज शिक्षणासाठी होतं. आमच्या कर्जाने शिक्षण खाल्लं. त्यांच्या नावाने जयंती काढणाऱ्या आम्हाला स्वतःचं मंजुरीपत्र वाचता येऊ नये, याची लाज आम्हाला वाटली म्हणून हा लेख.

तेव्हा कार्यकर्त्यांनी काय करावं? सहीच्या आधी 'की फॅक्ट स्टेटमेंट' मागा. १ ऑक्टोबर २०२४ पासून ते देणं बंधनकारक आहे, आणि कर्जदाराला समजेल त्या भाषेत द्यावं लागतं. म्हणजे मराठीत मागा. त्यात फी, विमा सगळं धरून वर्षाचा खरा दर आणि हप्त्यांचा तक्ता असतो. हप्ता शेवटी पाहा, आधी एकूण परतफेडीचा आकडा पाहा. दहा लाखांना ९ टक्क्यांनी २० ऐवजी १५ वर्षं घेतली तर हप्ता सुमारे ११५० रुपयांनी वाढतो आणि ३ लाख ३० हजारांहून जास्त वाचतात. २० वर्षांच्या कर्जात वर्षाला एक हप्ता जादा भरला तरी साडेतीन वर्षं आधी सुटका होते. बदलत्या दराच्या घरकर्जावर वैयक्तिक कर्जदाराकडून मुदतपूर्व फेडीचा दंड घेता येत नाही, हेही ठणकावून सांगा. रमाई आवासचा अर्ज आधी करा. शहरी भागात अडीच लाखांचं अनुदान मिळतं. आम्ही घाई केली. तेवढी रक्कम कर्जातून वजा झाली असती तर १३ टक्क्यांच्या हिशोबाने सात लाख वाचले असते. आणि गुंठेवारी, गायरानाच्या कागदांसाठीचा लढा हा व्याजदराचाही लढा आहे, हे आपल्या मोर्चाच्या निवेदनात आलं पाहिजे.

आमच्या उमरीत बँक म्हटलं की जुनी माणसं ३० जानेवारी १९४८ ची गोष्ट काढतात. हैदराबाद मुक्तिसंग्रामातल्या सैनिकांनी त्या दिवशी इथली बँक लुटली होती. लुटीतल्या पैशाचा पुढे पै न पैचा हिशेब दिला गेला, हे ती माणसं विशेष करून सांगतात. त्या गोष्टीतला हिशेब आम्हाला लुटीपेक्षा मोठा वाटतो. आपल्या घामाच्या पैशाचाही तसाच हिशेब आपण ठेवला पाहिजे.

विहारातल्या त्या पोराबरोबर आम्ही त्याच दिवशी जमिनीवर बसून तक्ता मांडला. तो बँकेत परत गेला आहे, १५ वर्षांची मुदत मागायला आणि कर्ज दोन लाखांनी कमी करायला. स्वयंपाकघराची खोली तो नंतर बांधणार आहे. आता दर महिन्याच्या पहिल्या रविवारी वंदनेनंतर आम्ही विहारात बसतो. ज्यांच्या घरात कर्जाचे कागद आहेत त्यांनी ते घेऊन यावेत. आजोबांचं साल पाडव्याला मोजलं जायचं, आणि ते मोजणारा मालक होता. आपली वर्षं आपण मोजू.

जय भीम! नमो बुद्धाय!