उगारलेली तलवार आणि थांबलेलं हँडल

3 मे 1913 रोजी गिरगावच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये 'राजा हरिश्चंद्र' हा मूकपट लागला. गोष्ट सर्वांना तोंडपाठ होती. दिलेल्या शब्दापायी राज्य गेलं, नवरा, बायको, मूल देशोधडीला लागले आणि काशीच्या राजपुत्राच्या खुनाचा खोटा आळ राणी तारामतीवर आला. तिचा शिरच्छेद करायचा हुकूम नवऱ्यालाच! रंगभूमीवर हा प्रसंग पदांनी आणि स्वगतांनी तोलून धरला असता. हा चित्रपट काढणाऱ्या दादासाहेब फाळक्यांकडे आवाजच नव्हता.

दृश्यांच्या मधे मजकुराच्या पाट्या होत्या. पण पाटी आली की चेहरा जातो, हे संकलनाच्या टेबलावर बसणाऱ्याला चांगलं ठाऊक असतं. दुःख पाटीवर ढकलून भागत नाही, ते नटाच्या अंगात लागतं. पडद्यावर यायला बायका तयार नव्हत्या. ग्रँट रोडच्या उपाहारगृहात स्वयंपाक करणारे अण्णा साळुंके तारामती झाले, दत्तात्रय दाबके हरिश्चंद्र. आजचा संकलक अशा जागी हमखास क्लोजअप शोधतो. इथे कॅमेरा जागचा हलत नाही. माणूस डोक्यापासून पायापर्यंत दिसतो आणि झुकलेल्या खांद्यावर, ताठ मानेवर सगळी भिस्त.

तलवार उगारली जाते आणि शंकर प्रकट होतात.

असा चमत्कार तेव्हा कॅमेऱ्यातच घडवायचा. हँडल थांबवायचं, बाकीच्यांनी होतं तसं उभं राहायचं, नवं पात्र जागेवर आलं की हँडल पुन्हा फिरवायचं. तेवढ्यात कुणाचा हात जरा खाली आला, तर देव प्रकटत नाही, चित्र नुसतं दचकतं.

या कामामागे दादरचं अख्खं घर होतं. कोऱ्या फिल्मच्या कडांना भोकं पाडायची ती रात्री, अंधारात. भोक केसभर सरकलं तरी पडद्यावर चित्र थरथरतं. हे काम फाळक्यांच्या पत्नी सरस्वतीबाई करत, फिल्म धुवायलाही त्याच, आणि साऱ्या मंडळींचा स्वयंपाकही त्यांच्याकडेच. चित्रपटाच्या इतिहासात त्यांचं नाव श्रेयनामावलीतल्या मोठ्या अक्षरांत यायला हवं.

'राजा हरिश्चंद्र'च्या चार रिळांपैकी पहिलं आणि शेवटचं तेवढं पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात आहे. काही अभ्यासक ती 1917 च्या नव्या आवृत्तीची मानतात. वनवासाचा मधला भाग गेला. नवरा-बायकोचं प्रेम जिथे कसाला लागतं, नेमका तोच.

1917 मध्येच फाळक्यांचा 'लंकादहन' आला. त्यात राम झाले साळुंके, सीताही साळुंकेच. ताटातूट झालेल्या जोडप्याची दोन्ही दुःखं फाळक्यांनी एकाच नटाच्या हवाली केली.