रोक्क भद्र ऐतेन?

खडेबाजारातल्या आमच्या कापडाच्या दुकानात रोज संध्याकाळी पिग्मीवाले यायचे. अप्पा गल्ल्यातून नोटा काढून द्यायचे. १९२८ मध्ये उडुपीकडे, पुढे सिंडिकेट बँक झालेल्या संस्थेने ही पद्धत सुरू केली. अप्पांची पिग्मी मात्र एका छोट्या सहकारी बँकेची.

२३ एप्रिल १९९२ ला सुचेता दलाल यांनी 'टाइम्स ऑफ इंडिया'त रोखे घोटाळा उघड केला. त्या बेळगावच्या सेंट जोसेफ कॉन्व्हेंटमध्ये शिकलेल्या, हे कळल्यावर मला हुरूप आला. पुढे मुंबईत एका वृत्तवाहिनीवर मी बँकांच्या बातम्या देऊ लागले.

सोपं काही नव्हतं. वर्तमानपत्रातली ओळ पुन्हा वाचता येते. इथे मिनिटभरात संपवायचं. एकदा मी सांगितलं, "नव्वद दिवस हप्ता आला नाही की कर्ज एनपीए ठरतं." अप्पांचा फोन आला, "उधारी थकली म्हण की!" तेव्हापासून आधी 'थकलेली उधारी' म्हणायचं, मग एनपीए.

सप्टेंबर २०१९ मध्ये पंजाब अँड महाराष्ट्र सहकारी बँकेवर रिझर्व्ह बँकेचे निर्बंध आले. सुरुवातीला एका खात्यातून फक्त हजार रुपये काढता येत होते. दिवसभर शाखेबाहेर रडणारी माणसं दाखवून घरी आले, तोच अप्पांचा फोन.

"काय गं, आपल्या बँकेचं कसं? ठेव काढू काय?"

त्या बँकेबद्दल मी कुजबुज ऐकली होती, पण हाती कागद नव्हता. अप्पांना 'काढा' म्हटलं असतं, तर सकाळपर्यंत अख्ख्या खडेबाजारात बातमी, आणि बँकेसमोर रांग. सगळे एकदम आले तर धडधाकट बँकही टिकत नाही. शिवाय, आतली माहिती घरच्यांनाच आधी द्यायची?

"पक्कं कळलं की टीव्हीवर सांगेन, अप्पा. सगळ्यांना कळेल तेव्हाच तुम्हालाही."

थोडा वेळ शांतता. मग "बरं" म्हणून त्यांनी फोन ठेवला.

मला कागद मिळालाच नाही. दोन वर्षांनी त्या बँकेवरही निर्बंध आले. फेब्रुवारी २०२० मध्ये ठेवविम्याची मर्यादा एक लाखावरून पाच लाख झाली होती, म्हणून तेवढे तरी मिळाले. वरची रक्कम अजून अडकलेली आहे. अप्पांनी त्यावरून मला एकदाही बोल लावला नाही.

गेल्या दिवाळीत घरी होते. शेजारच्या कन्नड मावशी पासबुक घेऊनच आल्या. "नम्म रोक्क भद्र ऐतेन?"

मी उत्तर जुळवेपर्यंत अप्पा आतून म्हणाले, "तिला काय विचारताय? ती बापालासुद्धा सांगत नाही."

आणि मावशींसाठी चहा टाकायला सांगितला.