कापलेला तुकडा

सिनेमा सुरू होण्याआधी पडद्यावर सेन्सॉरचे प्रमाणपत्र यायचे. त्याच्या खालच्या कोपऱ्यात त्रिकोण असला की कात्री चालली आहे, असे समजायचे. आम्ही मोमिनपुऱ्याची पोरे सीताबर्डीच्या टॉकीजमध्ये आधी तो त्रिकोण शोधत असू. मग पाहिलेल्या सिनेमापेक्षा न दिसलेल्या तुकड्यावरच गप्पा रंगत. व्हिडिओ कॅसेटच्या दिवसांत दुकानदार हळूच 'अनकट है' म्हणे आणि भाडे दुप्पट घेई. घरी आणून पाहावे तर तोच सिनेमा! तरी पुढच्या वेळी पुन्हा फसायला आम्ही तयार.

पुढे कायदा शिकताना ख्वाजा अहमद अब्बास यांचा खटला वाचनात आला. मुंबई, कलकत्ता, मद्रास आणि दिल्लीतली श्रीमंती व तिच्या शेजारची गरिबी दाखवणारा त्यांचा छोटा माहितीपट. त्याला आधी 'फक्त प्रौढांसाठी'चा शिक्का मिळाला. अपिलात सरकार म्हणाले, मुंबईच्या वेश्यावस्तीची दृश्ये काढा, मग सर्वांसाठीचे प्रमाणपत्र देऊ. अब्बास सुप्रीम कोर्टात गेले. तिथे सरकारने नमते घेतले, काही न कापता प्रमाणपत्र द्यायला तयार झाले. दुसरा कोणी असता तर खुशीत घरी परतला असता. अब्बासनी अर्जच दुरुस्त करून घेतला: आधीच कात्री लावण्याचा अधिकार सरकारला असावा का?

24 सप्टेंबर 1970 रोजी निकाल लागला. असावा. निकाल लिहिणारे सरन्यायाधीश होते एम. हिदायतुल्ला.

म्हणजे आमचेच! इथल्या मॉरिस कॉलेजात शिकलेले, इथेच वकिली केलेले, नागपूर हायकोर्टाचे मुख्य न्यायाधीश झालेले. अब्बा आम्हा भावंडांना उठताबसता त्यांचे नाव सांगत. घरातल्या वडीलधाऱ्यानेच कात्री उचलावी तसे मला वाटले. पण रागारागाने पुढे वाचले, तर त्यांनी नियमांनाही सोडले नव्हते. कलाकृती आणि निव्वळ अश्लीलता यांत नियम फरक करत नाहीत, असे त्यांनी म्हटले होते. सर्वांत दुबळ्या आणि विकृत माणसाला जपण्यासाठी निरोगी माणसाने काय पाहू नये हे ठरू नये, असेही. मग कात्री ठेवली कशाला? अजून माझे समाधान झालेले नाही.

परवा टीव्हीवर एक प्रसंग आला आणि माझा हात आपोआप रिमोटकडे गेला.

"अब्बू, आता मी ते मोबाईलवर बघणारच," धाकटी म्हणाली.

मी हो म्हणालो नाही, नकोही म्हणालो नाही. ती झोपल्यावर मीच शोधून पाहिले. एक बाई रडत बसली होती, एवढेच.