पाकीटमार, पुंटिला, होमर : कुर्ट बॉइस

आजचा धागा एका पाकीटमाराविषयी आहे. थोडासा माझ्या एका चुकीविषयीही.

‘कासाब्लांका’ (१९४२) मी पदवीच्या वर्षांत तीनदा पाहिला. आरंभीच एक अदबशीर गृहस्थ एका इंग्रज जोडप्याला या शहरातल्या चोरांपासून सावध करतो आणि बोलता बोलता त्या साहेबांचे पाकीट लांबवतो. तिन्ही वेळा मी हसलो आणि पुढे गेलो. या नटाचे नाव शोधावे असे मनातही आले नाही. आणि माझ्या प्रबंधाचा विषय म्हणे युरोपातील निर्वासित!

त्याचे नाव कुर्ट बॉइस. जन्म बर्लिनमध्ये, १९०१ साली, ज्यू कुटुंबात. ‘डेर क्लाइन डिटेक्टिव्ह’ या १९०९ च्या मूकपटात तो बालनट होता. पुढे रंगभूमी, कॅबरे, प्रहसने. ‘डेर फ्यूर्स्ट फॉन पापेनहाइम’ (१९२७) या विनोदी चित्रपटात त्याने स्त्रीवेष धारण केला होता.

हा स्त्रीवेष लक्षात ठेवा. हिटलर सत्तेवर आल्यावर बॉइसने जर्मनी सोडली आणि तो अमेरिकेला पोहोचला. १९४० साली नाझींनी ‘डेर एविग यूडे’ हा द्वेषपट काढला, त्यात याच विनोदी प्रवेशाचा तुकडा ज्यूंच्या तथाकथित अधःपतनाचा ‘पुरावा’ म्हणून जोडला. नट परागंदा, त्याची फीत मात्र शत्रूच्या हाती. साधनचिकित्सा शिकवताना आम्हांला ताम्रपट आणि बखरी दाखवतात. मला मात्र ती खऱ्या अर्थाने कळली या तुकड्यामुळे. फीत अस्सल होती. खोटी होती ती तिची मांडणी.

हॉलिवूडमध्ये त्याच्या वाट्याला किरकोळ भूमिका आल्या. (‘कासाब्लांका’तला नाझी मेजर रंगवणारा कॉनराड फाइट हाही जर्मनी सोडून आलेलाच.) १९५० मध्ये बॉइस बर्लिनला परतला, ब्रेख्तच्या नाट्यसंस्थेत जमीनदार पुंटिला झाला, १९५५ च्या चित्रपटातही ती भूमिका त्याचीच.

खरी विलक्षण आहे ती त्याची उत्तरायुष्यातील कामगिरी. मार्कुस इम्होफच्या ‘दास बोट इस्ट फोल’ (१९८१) मध्ये तो स्वित्झर्लंडच्या आश्रयाला आलेला वृद्ध ज्यू आहे. हॉलिवूडने ज्या निर्वासिताला पाकीटमार केले होते, तो येथे अखेर निर्वासित म्हणूनच उभा राहिला. पुढच्याच वर्षी ब्रुनो गान्झ आणि ओट्टो झांडर या नटांनी त्याच्यावर आणि बर्नहार्ड मिनेटीवर एक माहितीपट केला. मिनेटी नाझी राजवटीत जर्मनीतच राहून काम करत होता. माहितीपटाचे नाव ‘गेडेष्टनिस’, म्हणजे स्मृती.

मग विम वेंडर्सचा ‘डेर हिमेल यूबर बर्लिन’ (१९८७). गान्झ आणि झांडर देवदूत. बॉइस होमर नावाचा वृद्ध कथाकार. भिंतीलगतच्या ओसाड माळावर तो पॉट्सडामर प्लाट्झ हा गजबजलेला चौक शोधत फिरतो, जुनी कॉफीगृहे आठवतो आणि थकून एका टाकून दिलेल्या खुर्चीत बसतो. चित्रपट प्रदर्शित झाला तेव्हा बॉइस ८६ वर्षांचा होता. तो चौक त्याने तरुणपणी पाहिलेला होता, त्यामुळे यातला अभिनय किती आणि आठवण किती, हे मला अजूनही ठरवता आलेले नाही. या भूमिकेसाठी त्याला १९८८ चा युरोपीय चित्रपट पुरस्कार मिळाला.

१९८९ मध्ये भिंत पडली. २५ डिसेंबर १९९१ रोजी बर्लिनमध्येच बॉइस वारला. त्या माळावर नव्या इमारती उभ्या राहायला अजून अवकाश होता.