धोतऱ्याचे बी

भोकरदन तालुक्यातील राजूर हे गाव गणपतीचे. अंगारकी चतुर्थीला दर्शनासाठी येथे माणसांची रीघ लागते. गणपतीला वाहावयाच्या एकवीस पत्रींत धोतऱ्याचे पान असते, हे मला या गावात राहावयास आल्यावर कळले. बांधावर, उकिरड्यावर हे झाड आपसूक उगवते. बोंडावर काटे असतात आणि गुरे सहसा त्याला तोंड लावीत नाहीत.

एका पावसाळ्यात शेजारच्या मुलाने पैजेखातर ते बी खाल्ले. रात्री पाहिले तेव्हा त्याचे अंग तापलेले, जीभ कोरडी आणि बाहुल्या एवढ्या विस्फारलेल्या की डोळे काळेच दिसत होते. तो हवेतून न दिसणारे धागे वेचीत होता आणि वारलेल्या आजीशी निवांत बोलत होता. कोणी म्हणाले, बाधा आहे, उतारा टाका. कोणी हात जोडून उभे राहिले. मावशीने त्याच्या खिशातले फुटके बोंड ओळखले, म्हणून जीप जालन्याला निघाली.

हे बी जुने पापी आहे. पोर्तुगीज वैद्य गार्सिया द ओर्ता यांनी गोव्यात १५६३ साली छापलेल्या औषधींवरील ग्रंथात धोतऱ्याविषयी लिहिले आहे. अन्नातून ते चारून माणसाला लुटत, आणि लुटला जाणारा हसत राही, असे त्यात वाचावयास मिळते.

आल्बर्ट हॉफमन या स्विस रसायनशास्त्रज्ञाने १९४३ साली स्वतःवर अनुभवलेले एलएसडी निराळे. त्याने रंग व आकार पालटतात. पण हा द्रव्याचा खेळ आहे, एवढे भान बहुधा उरते. धोतऱ्यातील अ‍ॅट्रोपीन व स्कोपोलामीन ही द्रव्ये अवधान आणि स्मृती राखणाऱ्या अ‍ॅसिटिलकोलीनचे काम मेंदूत अडवितात. मग समोरचे खरे की भासाचे, हे विचारणारा मनातला साक्षीच उठून जातो. अशा अवस्थेला साक्षात्कार म्हणणे मला पटत नाही. शिवाय विषाचे प्रमाण झाडागणिक बदलते. एकाला झिंग आणणाऱ्या बिया दुसऱ्याचा जीव घेतात.

मुलगा वाचला. पुढे काही दिवस त्याला जवळची अक्षरे पुसट दिसत. त्या रात्रीचे त्याला काहीच आठवत नव्हते. आजीचे त्याला इतरांनी सांगितले. एके संध्याकाळी तो ओट्यावर येऊन बसला आणि हळूच म्हणाला, “गुरुजी, आजी काय म्हणत होती?”

मी फक्त त्याचेच बोलणे ऐकले होते.