खुर्च्या मोजणारा माणूस

नाटक सुरू झाले की साऱ्या प्रेक्षागृहाचे डोळे रंगमंचाकडे लागतात. नांदीचे सूर उमटतात, धुपाचा वास पहिल्या चार रांगांपर्यंत येतो आणि माणसे घरदार विसरतात. त्या गर्दीत एकच माणूस असा असतो की ज्याला रंगमंचाशी तूर्त काही कर्तव्य नसते. तो शेवटच्या रांगेमागे, दारापाशी उभा राहून अंधारात खुर्च्या मोजत असतो. भरलेल्या नव्हेत, रिकाम्या. हा नाटकाचा कंत्राटदार.

आमच्या वाङ्मयेतिहासात नाटककाराला जागा आहे, गायक नटाला आहे, पडदे रंगवणाऱ्यालाही एखादी ओळ मिळते. कंत्राटदाराला तेवढी नाही. मी गेली अठरा वर्षे महाविद्यालयात मराठी शिकवतो. ३१ ऑक्टोबर १८८० रोजी पुण्याला आनंदोद्भव नाटकगृहात अण्णासाहेब किर्लोस्करांच्या 'शाकुंतला'चा प्रयोग झाला, हे माझ्या विद्यार्थ्यांना झोपेतून उठवून विचारले तरी सांगता येते. पण त्या रात्री नाटकगृहाचे भाडे कोणाच्या खिशातून गेले, असा प्रश्न कोणत्याही परीक्षेत आलेला मला आठवत नाही. आला असता तर उत्तरपत्रिका तपासणाऱ्याचीच पंचाईत झाली असती!

हा प्रश्न माझ्या डोक्यात आला तो पुस्तकांमुळे नव्हे, मामांमुळे. कृष्णाकाठच्या आमच्या तालुक्याच्या गावी माझ्या थोरल्या मामांचे वह्यापुस्तकांचे दुकान होते. प्रपंच त्यावर चाले. नाटकाची कंत्राटे घेणे हा मामांच्या मते 'जोडधंदा' होता. मामी त्याला सरळ 'जुगार' म्हणत. दोघेही आपापल्या परीने खरे बोलत होते.

संगीत नाटक आणायचे ठरले की मामा प्रथम पंचांग काढीत, मग शाळेचे वेळापत्रक, आणि मग साखर कारखान्यातल्या एका स्नेह्याला गाठीत. दाट लग्नतिथीला नाटक लावायचे नाही, कारण गावातली निम्मी धोतरे आणि सगळी लुगडी मांडवात अडकलेली असतात. वार्षिक परीक्षेच्या तोंडावर तर मुळीच नाही. आणि उसाचे बिल निघण्यापूर्वी कधीच नाही. बिलाआधीच्या आठवड्यात 'सौभद्र' लावले तर प्रत्यक्ष श्रीकृष्णालाही तिकीट उधारीवर द्यावे लागेल, असे ते म्हणत.

तारीख ठरली की दुकानात गल्ल्याशेजारी 'प्लॅन' लागे. प्लॅन म्हणजे नाट्यगृहातल्या खुर्च्यांचा नकाशा. विकलेल्या खुर्चीवर निळी फुली, पासाच्या खुर्चीवर तांबडी. मामांच्या पेन्सिलीला एका टोकाला निळे आणि दुसऱ्या टोकाला तांबडे शिसे असे. आणि तांबडे टोक नेहमी आधी झिजे. ठाण्यातले साहेब, नगरपालिकेतले साहेब, विजेचे साहेब, आणि जाहिरात चिकटवायला भिंत देणारा घरमालक सहकुटुंब! फुकट बघणारे लोक पुढच्या रांगेत बसतात आणि नाटक पडले असे सर्वांत आधी तेच सांगतात, हे मामांचे निरीक्षण होते. पुढे अनेक साहित्य संमेलनांना हजर राहिल्यावर मला ते अधिकच पटले.

गद्य नाटकापेक्षा संगीत नाटक आणणे हा जास्त जोखमीचा व्यवहार. गद्य नाटकाचा दुपारी एक आणि रात्री एक असे दोन प्रयोग लावता येतात. ट्रकचे भाडे आणि मंडळींचे जेवणखाण दोन गल्ल्यांवर वाटले जाते. गळा हे काही यंत्र नव्हे. दुपारी तीन अंक गायलेला नट रात्री पुन्हा त्याच ताकदीने वरच्या षड्जाला भिडेल अशी अपेक्षा धरणे माणुसकीला सोडून आहे. म्हणजे सारा भार एका रात्रीवर. त्यात ऑर्गन उचलायला चार गडी, तो वाजवायला जाणकार, आणि शेजारी तबलजी. नायकाचा घसा बसला तर त्याच्या जागी उभा राहील असा गाता नट गावात मिळत नाही. गद्य नटाचा बसका आवाज भूमिकेतल्या दुःखात खपून जातो. गाणाऱ्याचा खपत नाही.

आणि वन्समोअर! रसिकाला त्यात आनंद, नटाला मान; कंत्राटदाराला मात्र भिंतीवरचे घड्याळ दिसते. पूर्वी नाटके पहाटेपर्यंत चालत, तेव्हा वन्समोअर फुकट होता. हल्ली नाट्यगृह ठरलेल्या तासांच्या हिशेबाने भाड्याने मिळते. तीन वन्समोअर झाले की रखवालदार किल्ल्यांचा जुडगा वाजवू लागतो, आणि त्याचा ठेका ऑर्गनला जुळत नाही.

हा व्यवहार एकट्या गावाला झेपणारा नव्हे. मुंबई-पुण्याची संस्था एका रात्रीसाठी आमच्याकडे येईल, तर जाण्यायेण्याचा खर्चच गल्ला खाऊन टाकील. म्हणून मामांच्या वहीत सांगली, इचलकरंजी, कोल्हापूर, कऱ्हाड, सातारा इथल्या कंत्राटदारांची नावे असत. सगळ्यांनी मिळून रात्री वाटून घ्यायच्या, मध्ये गळ्याला एक दिवस विश्रांती ठेवायची, आणि प्रवासखर्च विभागायचा. पत्रे जात, ट्रंककॉल होत, आणि त्यातून दौरा आकाराला येई. एका गावाने माघार घेतली की उरलेल्यांचा हिशेब कोलमडे. दौरा म्हणजे साखळी. तिची कडी तुटली की फक्त एक गाव सुटत नाही, पलीकडची सगळी गावे सुटतात.

मी दहा-अकरा वर्षांचा असताना एका प्रयोगाला मामांबरोबर दाराशी उभा होतो. संध्याकाळी अवकाळी पाऊस कोसळला होता. पाचशेंच्या वर खुर्च्या, आणि माणसे एकशे सदतीस. पण गाणारी मंडळी अशी गायली की आलेल्या लोकांना पावसाचा विसर पडला. दुसरा अंक संपल्यावर मामा रंगपटात गेले आणि ठरलेल्या 'नाईट'चे पाकीट त्यांनी व्यवस्थापकाच्या हाती ठेवले. एक पैसा कमी नाही. तिसऱ्या अंकाआधी पाकीट, हा त्यांचा नेम होता. पैशाची काळजी घेऊन कोणी तिसरा अंक गाऊ नये, असे त्यांचे म्हणणे. घरी आल्यावर मामी म्हणाल्या,

"अहो, गाणं एवढं रंगलं म्हणता, मग तोंड का उतरलंय?"

"गाणं गावाचं झालं," मामा म्हणाले, "तूट तेवढी आपली."

ही तूट पूर्वी कोणाची असे? कंपन्यांच्या काळात ती कंपनीच्या मालकाची असे, आणि मालक बहुधा स्वतःच गायक नट असे. केशवराव भोसल्यांनी १९०८ साली हुबळीला 'ललितकलादर्श' काढली. १९१३ साली बालगंधर्व, गणपतराव बोडस आणि गोविंदराव टेंबे यांनी 'गंधर्व नाटक मंडळी' उभी केली. या मंडळ्या बिऱ्हाडासह हिंडत. एकेका गावी महिनोन्‌महिने मुक्काम पडे. गावाने पाठ फिरवली तरी आचाऱ्यापासून नायकापर्यंत सगळ्यांना जेवू घालावेच लागे. गंधर्व मंडळीवर कर्जाचा केवढा डोंगर झाला आणि बालगंधर्वांनी तो कसा स्वतःच्या शिरावर घेतला, हे सर्वश्रुत आहे. पुढे १९३१-३२ च्या सुमारास बोलपट आला, त्याला एका डब्याच्या भाड्यात गावोगावी तेच गाणे तेवढ्याच ताकदीने गाता येऊ लागले, आणि नाटकगृहांची चित्रपटगृहे झाली. १९६० नंतर 'पंडितराज जगन्नाथ', 'मत्स्यगंधा', 'कट्यार काळजात घुसली' या नाटकांनी संगीत रंगभूमीला पुन्हा बहर आणला. पण आता कंपन्यांचे मुक्काम नव्हते. रात्रीच्या बोलीवर काम करणारे कलावंत होते. मुक्कामाऐवजी दौरा आला, आणि दौऱ्यातली तूट मालकाच्या खांद्यावरून गावच्या पुस्तकविक्याच्या, सायकलवाल्याच्या किंवा छापखानेवाल्याच्या खांद्यावर उतरली. अशा कितीतरी खांद्यांवरून तो बहर तालुक्यापर्यंत पोचला.

गोव्यात निराळी रीत आहे. तिथे देवळाच्या उत्सवात गावचीच माणसे संगीत नाटक करतात, खर्च गाव उचलते, आणि तिकिटाचा प्रश्नच येत नाही. मला त्या गावांचा हेवा वाटतो. पण आमच्या घाटावर नाटक विकत आणावे लागते, हे वास्तव आहे.

आणि ते आणणारे हात आता थोडे उरले आहेत. आमच्या बाजूच्या साखळीतल्या कितीतरी कड्या आपोआप गळाल्या. एक तर डोळ्यांदेखत जळाली. शाहू महाराजांच्या प्रेरणेने उभे राहिलेले आणि १९१५ साली खुले झालेले कोल्हापूरचे पॅलेस थिएटर, म्हणजेच केशवराव भोसले नाट्यगृह, ८ ऑगस्ट २०२४ च्या रात्री आगीत सापडले. दुसऱ्या दिवशी केशवरावांची जयंती होती. त्या रात्री कोल्हापूरकर रडले. मला मात्र, लाज वाटावी इतक्या व्यवहारीपणाने, पहिल्यांदा दौराच आठवला. कोल्हापूरची रात्र गेली तर आमची कोण धरणार?

मामा आता नाहीत. त्यांच्या मागे गावातल्या पंधरावीस मंडळींनी एक रसिक मंडळ चालवले आहे, आणि त्याचे चिटणीसपण माझ्याकडे आले आहे. गेल्या श्रावणात कार्यकारिणीच्या सभेत एक सूचना आली. संगीत नाटक आणण्याऐवजी नाट्यगीतांची मैफल ठेवावी. चार गायक, दोन वादक, एक मोटार. नेपथ्य नाही, ट्रक नाही, पोशाख नाहीत. खर्च एकचतुर्थांश आणि लोकांना हवी असलेली पदे लागोपाठ. हिशेब बिनतोड होता. हा मार्ग अनेक गावांनी पत्करला आहे आणि त्यांना नावे ठेवण्याचा मला अधिकार नाही. मैफल झाली नसती तर कित्येक गावांत ही पदे ऐकूही आली नसती.

तरीही मी विरोधात उभा राहिलो. नाट्यपद हे आधी कोणीतरी कोणाला तरी बोललेले वाक्य आहे: रुसव्याचे, विनवणीचे, कधी कपटाचेही. 'कट्यार'मधला सदाशिव ज्या खाँसाहेबांच्या विद्येसाठी त्यांच्याच हवेलीत नोकर होऊन राहतो, त्या खाँसाहेबांचे गाणे आपण त्याच्या कानांनी ऐकतो. ते चोरून ऐकणे मैफलीत कुठून आणणार? २०१५ साली या नाटकावरचा चित्रपट आला तेव्हा माझ्या वर्गातली मुले ती पदे महिनाभर गुणगुणत होती. त्यांतल्या एकानेही रंगमंचावर संगीत नाटक पाहिलेले नव्हते. एकीने मला विचारले, "सर, बोलता बोलता माणूस गायला लागतो, ते खरोखर बघताना विचित्र नाही वाटत?" या प्रश्नाला व्याख्यानाने उत्तर देता येत नाही. तिकीट काढूनच ते मिळते.

अकरा जणांच्या सभेत सहा विरुद्ध पाच मतांनी संगीत नाटकाचा ठराव पास झाला. त्याला जोडून मात्र असे ठरले की तूट आल्यास ती ठरावाच्या सूचकाने भरून द्यावी. सूचक अर्थात मीच. घरी येऊन सांगितले तेव्हा सौभाग्यवती एवढेच म्हणाली, "मामांची पेन्सिल तुमच्याच वाटणीला आली म्हणायची."

प्रयोग मार्गशीर्षातल्या एका शनिवारी आहे. नाट्यगृहात सहाशे ब्याऐंशी खुर्च्या आहेत. चारशे तीस विकल्या गेल्या की खर्च निघतो. हे लिहितो आहे त्या दिवशी प्लॅनवर एकशे अठरा फुल्या निळ्या आहेत आणि एकेचाळीस तांबड्या. तांबड्यांच्या वेगाने निळ्या वाढत्या तर मला चिंता नव्हती.

तेव्हा वाचकहो, फराळाचे ताट बाजूला सारून हा अंक चाळताना एवढे ध्यानात धरा. आपल्या गावी कोणी संगीत नाटक आणले तर त्याच्या दुकानापुढे जाऊन पास मागू नका. दुसरे काही जमले नाही तर शेवटच्या रांगेचे एक तिकीट काढा. आमच्या गावी आलात तर पैसे मोजून वन्समोअर मागण्याचा आपला हक्क मला मान्य आहे. त्यासाठी किल्ल्यांचा जुडगा वाजवणाऱ्या रखवालदाराशी भांडून पंधरा मिनिटे मिळवण्याचे काम माझ्याकडे लागले.